समेटाचा सत्कार

व्यासपीठावरच्या टेबलावर तीन नारळ, तीन गुलाब आणि रंगीत कागदात बांधलेली तीन पुस्तकं मांडलेली दिसली, तेव्हा राफेल वाक्रुळकरला पहिली शंका आली. अन्याय झाला होता एका मुलीवर. मग बाकीचे दोन नारळ कुणाचे?

पनवेलच्या त्या हायस्कूलचा हॉल गच्च भरला होता. आठवी-नववीची पोरं खाली सतरंजीवर, शिक्षक कडेच्या खुर्च्यांवर. पहिल्या रांगेत राफेल आणि त्याच्या शेजारी त्याची मुलगी शोशाना, नववी ब. आठ दिवस ती घराबाहेर पडली नव्हती. आज आली ती बापाच्या शब्दाखातर. आणि बाप आला होता मुख्याध्यापिका भावना मॅडमच्या शब्दाखातर. "वाक्रुळकर साहेब, गुरुवारी तिला घेऊन या," मॅडम फोनवर म्हणाल्या होत्या. "सगळ्या शाळेसमोर काय तो निकाल लावते." राफेलने रजा टाकली, शर्टला इस्त्री केली. सरळ माणूस. निकाल म्हटल्यावर त्याला निकालच वाटला.

झालं होतं ते एवढंच. शाळेचा जिना चढताना शोशानाच्या स्कर्टला मागे डाग पडला होता. तो तिच्या आधी वर्गातल्या प्रणित आणि निकेशला दिसला. प्रणितने मागून फोटो काढला, निकेशने त्याचं स्टिकर केलं. संध्याकाळपर्यंत वर्गाच्या ग्रुपवर कुणी गृहपाठ विचारला तरी उत्तर म्हणून शोशानाची पाठ यायची. तिचं मागणं साधं होतं. त्यांच्या आईवडिलांना बोलवा, सगळ्यांच्या फोनवरून ते पुसून घ्या आणि त्या दोघांना दुसऱ्या तुकडीत घाला.

मॅडम माइकपाशी आल्या. त्यांच्या मागे बॅनर होता, आणि बॅनरवरही मॅडमच होत्या.

"आपल्या शाळेत शिक्षा नाही, संस्कार आहेत," त्या म्हणाल्या. "म्हणून तर मी तुम्हा किशोरांसाठी 'नववीचा घाट हसत चढा' हे पुस्तक लिहिलं."

ते पुस्तक सगळ्यांच्या परिचयाचं होतं. स्नेहसंमेलनात बक्षीस तेच, निरोप समारंभाला भेट तीच, पाहुण्यांना पुष्पगुच्छाऐवजी तेच. शाळेला पाण्याची नवी टाकी बसली तेव्हा प्लंबरलाही त्याची एक प्रत देण्यात आली होती. ते प्लंबरकाका लग्न झालेल्या नातवंडांचे आजोबा होते. तरी गठ्ठे संपत नव्हते.

"प्रकरण सहावं," मॅडमनी बोट वर केलं. "चेष्टेला हसून उत्तर द्या! चिडणारा एकटा पडतो, हसणाऱ्याभोवती मित्र जमतात. आपली शोशाना आज हे करून दाखवणार आहे. आणि प्रणित, निकेश यांनी मोकळ्या मनाने चूक कबूल केली. केवढं हे धाडस! तेव्हा आज आपण तिघांचाही सत्कार करणार आहोत."

टाळ्या झाल्या. या हॉलमध्ये मॅडम थांबल्या की टाळ्या होतात.

राफेल उभा राहिला. "मॅडम, फोन तपासलेत का?"

"वाक्रुळकर साहेब, फोन म्हणजे मुलांची खासगी खोली. तिथे मोठ्यांनी डोकावायचं नाही. प्रकरण नववं."

"आणि माझ्या मुलीचं काय? तिचं खासगी काहीच नाही?"

"कार्यक्रमानंतर चहा आहे. तेव्हा निवांत बोलू."

राफेलचे कान तापले. त्याने शोशानाचा हात धरला. "चल शोशू, घरी."

"तुम्हीच आणलंत ना?" ती म्हणाली. "थांबा आता."

तिने हात सोडवला आणि ती व्यासपीठावर गेली.

गुलाब झाले, नारळ झाले, पुस्तकं झाली. गावातल्या झाडून सगळ्या सत्कारांचे फोटो काढणारा बाळू पुढे सरसावला. "मुली, तू मध्ये ये. पोरांनो, चिकटा जरा. मधलं अंतर दिसतंय."

पोरं चिकटली. प्रणित ओठ न हलवता पुटपुटला, "हस की. ग्रुपला नवीन स्टिकर पाहिजे."

शोशानाने नारळ आणि पुस्तक टेबलावर ठेवलं, गुलाब ठेवला, आणि सावकाश वळून ती हॉलकडे पाठ करून उभी राहिली.

"ए ताई, कॅमेरा इकडे आहे!" बाळू ओरडला.

"माहितीये," ती बॅनरकडे बघत म्हणाली. "मला सगळे याच बाजूने ओळखतात. तोंड दाखवलं तर विचारतील, ही कोण?"

सतरंजीवर कुणीतरी फिस्सकन हसलं आणि एकटंच पडलं. मॅडमनी माइकवर हात ठेवला, पण पुरेसा नाही. "वळ बाळा. हस. फोटो पेपरला द्यायचाय," हे शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू गेलं.

राफेल पायऱ्या चढून वर आला. मॅडमना हायसं वाटलं. "तुम्हीच समजवा हो तिला."

तो मॅडमना ओलांडून पुढे गेला. मुलीच्या मागे जाऊन, तिची पाठ पूर्ण झाकली जाईल असा, हॉलकडे तोंड करून उभा राहिला. त्याचा जबडा इतका आवळलेला होता की बाळूला 'स्माइल प्लीज' म्हणायचं धाडस झालं नाही.

"सरका पप्पा," मागून शोशाना म्हणाली.

"अगं, सगळे बघतायत."

"बघू देत. आठ दिवस झाकूनच बसले होते ना घरात? सरका."

राफेलने एकदा हॉलकडे पाहिलं. मग बाजूला झाला आणि बाळूला म्हणाला, "काढा."