प्रॉक्सी

हिशेब मांडला तर ओमच्या पदरात पडत होती फक्त सकाळची साखरझोप. पण पडत होती रोज. मुळशीच्या जादू आणि कालविद्या अकादमीत बाकीची पोरं मित्राला प्रॉक्सी लावायला सांगायची. ओमनं मित्राचे उपकारही वाचवले. भुकूमच्या घरी पांघरुणातूनच तो मंत्र म्हणायचा आणि उद्याच्या ओमला आजच्या तासाला धाडायचा. उद्याचा ओम शिव्या घालत यायचा, "हजर" म्हणायचा आणि बाकावर डोकं टेकवायचा.

इंद्रजित सरांना हे ठाऊक होतं. आजचं उद्यावर ढकलावं तर या पोरानंच, असं म्हणून ते मिशीत हसायचे आणि सोडून द्यायचे.

आज सरांनी दोनदा नाव पुकारलं. बाक रिकामाच.

"उद्याचा ओम पण झोपला वाटतं!" मागून कोणीतरी म्हणालं आणि वर्ग खिदळला.

सरांना हसू आलं नाही. मंत्र त्यांनीच शिकवलेला. बोलावलेल्या माणसाला यावंच लागतं. झोपेतून, तापातून, असेल तिथून. फक्त तो असावा लागतो.

बाहेर येऊन त्यांनी ओमच्या घरी फोन लावला. आईनं उचलला.

"ओम... आहे ना घरी?"

"हाय की. मगाशी त्यो तुमचा मंत्र पुटपुटला आन् परत घोराय लागला."

"मंत्र नक्की म्हटला?" सरांनी पुन्हा विचारलं. ते रागावलेत असं वाटून आई घाईघाईनं म्हणाली,



"आजच्या दिस झोपू द्या, सर. उद्यापास्नं मी सोता उठवून धाडते त्याला."