जप्तीतली लेक

"साहेब, फोटोतली ही मुलगी माझी आहे म्हणतात. मला ती ओळखूच येत नाही," शालन खरमाटे कोर्टात म्हणाल्या.

लेकीच्या खुनाचा पुरावा म्हणून पोलिसांनी त्यांच्या डोक्यातून तिच्या सगळ्या आठवणी काढून जप्त केल्या होत्या.

"पोलिसांच्या तपासात कोर्टाला ढवळाढवळ करता येत नाही. दोषारोपपत्र येईपर्यंत थांबा," न्यायाधीश म्हणाले.

"चोरीची मोटारसायकल मात्र तपास चालू असतानाच मालकाला परत देता!"

"बाई, मोटारसायकल वापरली तरी तीच राहते. आठवण मात्र दर वेळी आठवली की थोडी बदलते. पुरावा बिघडेल."

"बिघडू दे!" शालनबाई कडाडल्या. "उद्या तिचं वर्षश्राद्ध आहे. घरात सगळे रडतील, आणि मी, तिला जन्म देणारी, कोरड्या डोळ्यांनी सगळ्यांना चहा देत फिरेन!"