बोरीखालची माती

कुकरची शिट्टी वाजली आणि घरातली शांतता मोडली, पण मोजणीदार ढोबळ्यांची नजर यंत्रावरून हलली नाही. मोहिनीच्या वावरातली माती आत फिरत होती. सरकारने वावरावर दावा ठोकला होता, आणि घराण्याचं रक्त मातीत निघालं तरच जमीन त्या घराची, असा नवा कायदा होता.

“वहिनी, अजून रक्त काही सापडेना. नुसता घाम तर गडीमाणसंही गाळतात,” ढोबळे हसले.

मोहिनीने पाच वर्षांच्या चिऊला जवळ ओढलं. “भाऊसाहेब, बोरीखालची माती घ्या. माझा थोरला तिथं पुरलाय. महिन्याचा होता.”

ढोबळ्यांनी जाऊन माती आणली. ती आत टाकताच यंत्रावर हिरवा दिवा लागला. मोहिनीने हात जोडले.

“जुळलं,” ढोबळे म्हणाले. “पण पुरलेलं माणूस निघालं की अख्खी जमीन स्मशान धरतात, आणि स्मशान सरकारचं. सगळं वावर गेलं, वहिनी. तुम्ही बोलला नसता, तर दावा तरी चालू राहिला असता.”

मग त्यांनी चहा मागितला.

मोहिनी आधण ठेवत होती, तेव्हा चिऊने तिचा पदर ओढला.

“आई, दादापण आता सरकारचा झाला का?”