धाकट्याचा डोंगर

कमरेला हातोडा खोचून थोरला धाकट्या भावाच्या जात्यापाशी आला. पृथ्वी नवी होती तेव्हा तिच्यावर अशी दोनच जाती होती. नवरा-बायको समोरासमोर बसून खडक दळत. सांडलेलं पीठ पसरलं की जमीन होई, साचलं की डोंगर.

बायको गेल्यापासून थोरल्याला एकट्यानं जातं ओढवेना. त्याच्या बाजूला नुसता माळ उरला होता. धाकट्याचा एक डोंगर मात्र ढगात घुसला होता, आणि तो दिसला की थोरल्याच्या पोटात दुखे. आज जातंच फोडायचं, असं ठरवून तो आला होता.

भावजय एकटीच होती. "या भावजी! हे खडक आणायला गेलेत."

"जोडीनं दळता आणि मिरवता," तो म्हणाला. "केवढा तो डोंगर!"

"तो आमचा कुठला? मी बाळंतीण होते ना, तेव्हा तुम्ही खडक आणायला गेलात की जाऊबाई इथं येऊन माझ्या जागी बसायच्या. तुम्हाला सांगू नको म्हणाल्या. 'धाकट्याकडं उंच डोंगर केलास म्हणून हे महिनाभर रुसतील.'" ती हसली. मग तिला हातोडा दिसला. "हा कशाला?"

थोरला डोंगराकडे बघत राहिला. मग त्याची नजर जात्याच्या खुंट्यावर आली. बायकोच्या हातांनी गुळगुळीत झालेल्या त्या लाकडाचा त्याला हेवा वाटला.

"दगड झिजलेत तुमचे," तो म्हणाला. "छिन्नी दे. टाकी लावून देतो."