पाठीवर नवरा

शेकडो वर्षांपूर्वी एका राजानं आमच्या गडाला वेढा घातला, तेव्हा तो बायकांना म्हणाला, पुरुषांना मी मारणार, पण तुम्ही पाठीवर नेता येईल तेवढं घेऊन निघा. त्यांनी आपापले नवरे पाठीवर घेतले. आता वर अर्धा बुरूज आणि दरवाजाची कमान उरली आहे, पण दर ऑगस्टला वाइनच्या जत्रेत गावातल्या बायका कमानीपासून खालच्या विहिरीपर्यंत नवऱ्यांना पाठीवर आणतात.

मी माझ्या नवऱ्याला, ओटमारला, कधीच आणलं नाही. "हे धूड? याला क्रेन लागेल!" असं सव्वीस वर्षं सगळ्यांसमोर ओरडत आले. ओटमार म्हणायचा, "खरा वेढा पडला असता तर ही मला सोडून डुक्कर घेऊन निघाली असती!" लोक पोट धरून हसायचे.

यंदा त्यानंच आमचं नाव दिलं. "आता पेलशील," एवढंच म्हणाला. हिवाळ्यापासूनच्या आजारपणानं त्याचं काय केलंय, ते ढगळ जाकिटामुळे गावाला दिसलं नव्हतं.

त्याला पाठीवर घेऊन मी वीस पायऱ्या भराभर उतरले. शेजारची रोझल तिच्या नवऱ्याला घेऊन धापा टाकत मागे राहिली. टाळ्या हळूहळू थांबल्या. लोक नजर चुकवायला लागले. पाठीला त्याचं हाड न् हाड लागत होतं, आणि ती सव्वीस वर्षं आठवून मला तोंड लपवावंसं वाटलं.

ओटमार कानाशी पुटपुटला, "लिंडी, जरा धापा टाक ना. लोक बघतायत."

मी थांबले, गुडघे वाकवले आणि होता नव्हता तेवढा आवाज काढून ओरडले, "अरे, कुणीतरी हात लावा रे! केवढं हे धूड!"