यार्मिलाचा डबा

डब्यात होतं ते एवढं: कोंबडीच्या दोन तंगड्या, एक पंख, क्नेडलिकच्या, म्हणजे उकडलेल्या पिठाच्या गोळ्याच्या, सात चकत्या आणि तीन वाट्या केशरी रस्सा. ब्लांकानं सगळं परातीत ओतून दोनदा मोजलं. मग वास घेतला आणि खिडकी उघडली.

झाकणावर आईच्या, यार्मिलाच्या, अक्षरात चिठ्ठी होती: ‘कोंबडी, पाप्रिका. जानेवारी.’ फेब्रुवारीत आई गेली. तिच्या हातचं शिल्लक राहिलं ते एवढंच. दफनाच्या दिवशीच ब्लांकानं बाबांकडून कबूल करून घेतलं होतं, की हा डबा नऊ नोव्हेंबरला उघडायचा, आईच्या सत्तराव्या वाढदिवशी, दोघांनी मिळून.

उन्हाळ्यात बाबांचा फ्रीझर बिघडला आणि डबा ताबोरला, ब्लांकाच्या फ्लॅटवर आला. गेल्या आठवड्यात चार दिवस डोंगरात भटकायला जाताना तिनं सवयीनं घरातलं सगळं मेन स्विचवरून बंद केलं. सगळं म्हणजे फ्रीझरसुद्धा.

आज मंगळवार होता. वाढदिवस रविवारी.

डब्यातलं फेकताना तिला रडू आलं नाही. फेकण्याआधी तिनं प्रत्येक तुकडा नीट पाहून घेतला. खोटं करायचं तर बेमालूम करायला हवं. रश्श्यात कांद्याचे जाडजूड तुकडे होते. आई तर रस्सा गाळून घ्यायची. चकत्यांच्या कडा दबल्या होत्या, सुरीनं कापल्यासारख्या. आई दोऱ्यानं कापायची. शेवटी शेवटी तिच्या हातात त्राण उरलं नसणार, आणि आपण महिन्यातून एकदा जायचो. ब्लांका बराच वेळ नळ सुरू ठेवून तशीच उभी राहिली.

संध्याकाळी बाबांचा, ओल्द्रिखचा, फोन आला.

“काय गं, जिवंत आहेस ना? डोंगरातून अस्वलानं नाही ना पळवलं?”

“त्याला परवडले नसते मी. बाबा, रविवारी डबा घेऊन येते.”

पलीकडून खाकरल्याचा आवाज.

“अगं, नऊ महिने झाले त्याला. कशाला पोट बिघडवून घ्यायचं? चौकातल्या खानावळीत जाऊ. मी बिअर पाजतो.”

“आपलं ठरलंय, बाबा.”

“ठरलंय खरं,” ओल्द्रिख म्हणाला. “बरं. ये.”

खाताना आपला धीर सुटेल, याची भीती वाटत असेल त्याला, ब्लांकाला वाटलं. तिला स्वतःची जास्तच लाज वाटली.

बुधवारी तिनं रजा टाकली. चरबीत कांदा परतला. भांडं आचेवरून उतरवून मगच पाप्रिकाची लाल मिरचीपूड घातली, नाहीतर ती जळून कडू होते. कोंबडी शिजली, सायीत पीठ कालवून घातलं. आता कांद्याचे तुकडे तसेच ठेवायचे होते. पण हात आपसूक गाळणीकडे गेला. पाव घातलेला पिठाचा लांब गोळा उकडून निघाला तेव्हाही तसंच झालं. सुरी समोर होती, तिनं दोरा घेतला. सात चकत्या, सरळ कडांच्या. परत करायला वेळ होता. मन झालं नाही. साधी नक्कलही धड जमत नाही आपल्याला. तिनं डबा भरला, तेच झाकण लावलं आणि गोठवायला ठेवला.

रविवारी ओल्द्रिख पांढरा सदरा घालून टेबलाशी बसला होता. दाढी करताना गालावर कापलं होतं.

“किती चकत्या घेणार?” तिनं विचारलं.

“तुझ्या आईनं न विचारता सहा वाढल्या असत्या.”

“सातच आहेत. चार तुला, तीन मला.”

“म्हणजे वाढदिवस तिचा आणि उपास माझा.”

त्यानं पहिला घास घेतला आणि चावायचा थांबला. खिडकीबाहेर बघत राहिला.

“काय झालं?”

“गरम आहे.”

तेवढं गरम नव्हतं. त्यानं चमच्यानं रस्सा हलवला. “गाळलेला आहे.”

“आई गाळायचीच ना.”

“हो. ती गाळायची.”

ब्लांकानं काटा खाली ठेवला. “बाबा, मला तुला काही सांगायचंय. त्या डब्याबद्दल...”

“जेवताना नाही,” तो घाईनं म्हणाला. “तिला चालायचं नाही.” आणि मग, ताटातून मान वर न करता: “ती तिसरी चकती खाणार आहेस, की नुसती बघत बसणार?”

तिनं ती त्याच्या ताटात टाकली. त्या चकतीनं त्यानं सगळा रस्सा पुसून घेतला. जेवण झाल्यावर ती भांडी घासायला उठली. तो मागे पेन्सिल घेऊन शब्दकोड्यावर वाकला होता. थोड्या वेळानं त्यानं कोट चढवला.

“कबरीवर मेणबत्ती लावून येतो. तू थांब इथेच, बाहेर गारठा आहे.” दारात तो क्षणभर घुटमळला, तिच्या केसांवरून हात फिरवला आणि गेला.

आल्यावर सांगायचंच, असं ठरवून तिनं टेबल आवरायला घेतलं. शब्दकोड्याचे सगळे चौकोन रिकामे होते. वर्तमानपत्राखाली एक वही होती, पेन्सिल आत ठेवूनच मिटलेली. अक्षर बाबांचं.

‘२६ फेब्रुवारी. तिचा डबा उघडला. उभ्यानं, थंडच खाल्लं. काही उरलं नाही. ब्लांकाला सांगायची हिंमत नाही.

३ मार्च. पहिला प्रयत्न. पाप्रिका जळली. शंभरात दहा.’

प्रयत्नांनी चार पानं भरली होती. तिनं पाचवं उलटलं.

‘२९ एप्रिल. अकरावा प्रयत्न. शंभरात साठ. हात टेकले. तिच्याच डब्यात भरून ठेवलं.

९ नोव्हेंबर. ब्लांका. शंभरात पंच्याण्णव.’