पॅरिसचा तराजू

"कुणाला पटणार न्हाई चाँदबी, पण हा तराजू पॅरिसच्या कारागिराचा हाय," विश्वंभर सराफ म्हणाला.

चाँदबी आईच्या सोन्याच्या पाटल्या मोडायला आली होती. लेकीच्या निकाहाचे दागिने त्यातूनच घडायचे होते, म्हणून तिची नजर काही पारड्यावरून हटत नव्हती.

"तो बाबा शास्त्रज्ञांसाठी तराजू करायचा. कागद तोलायचा, त्यावर सही ठोकायचा अन् नुसत्या शाईचं वजन सांगायचा! ते चुकलं की तराजू थेट भट्टीत. माझ्या आजोबानं त्याच्या दारात ठाण मांडून हा आणला."

पाटल्या पारड्यात पडल्या. वाटलं होतं त्याच्या निम्मंच वजन भरलं.

चाँदबीनं छताकडं पाहिलं.

"विश्वंभरशेट, एवढा नाजूक तराजू, अन् डोक्यावर पंखा गरगर फिरून राहिला. तरी काटा जागचा हालंना काहून?"